फुकुशिमाचा अणुअपघात : दोष समुद्राचा की माणसाचा?

एखादे मोठे संकट कोसळले की आपल्याकडे एक वाक्य हमखास ऐकू येते. "निसर्गापुढं कुणाचं काय चालतंय?" भूकंप झाला तरी हेच, पूर आला तरी हेच, दरड कोसळली तरी हेच. या वाक्याची एक मोठी सोय आहे. ते एकदा उच्चारले की कुणाला काही विचारायचे राहत नाही आणि कुणाला काही उत्तर द्यावे लागत नाही. मेलेल्यांसाठी दोन मिनिटे उभे राहायचे आणि घरी जायचे. पण कारणाशिवाय कार्य घडत नाही, ही गोष्ट ज्या वस्तीत लहान मुलांनाही सांगितली जाते, त्या वस्तीने तरी प्रश्न इतक्या लवकर मिटवू नये, असे आम्हाला वाटते.

म्हणून या स्मरणिकेच्या पानांवर आम्ही जपानमधल्या फुकुशिमा येथील अणुअपघाताचा इतिहास मांडत आहोत. २०११ साली आपण सर्वांनी तो टीव्हीवर पाहिला. इमारतीचे छप्पर उडाले, धूर आकाशात गेला, मग दुसऱ्या बातम्या आल्या आणि आपण विसरलो. पुढे तिथे चौकशी झाली, खटले चालले, जुने कागद बाहेर आले. खरा इतिहास त्या कागदांत आहे. आम्ही शास्त्रज्ञ नव्हे. आमचे आयुष्य गिरणीत यंत्रांच्या आवाजात गेले आणि जे काही शिकलो ते पाळी सुटल्यावर वाचनालयात बसून शिकलो. तेव्हा जसे समजले तसे साध्या भाषेत सांगतो.

त्या दिवशी काय घडले?

११ मार्च २०११, शुक्रवार. जपानच्या घड्याळात दुपारचे २ वाजून ४६ मिनिटे झाली होती. जपानच्या ईशान्य किनाऱ्यापासून काही अंतरावर, समुद्राच्या तळाखाली जमीन हलली. भूकंपाची तीव्रता ९ होती. जपानमध्ये भूकंप मोजायला लागल्यापासून एवढा मोठा भूकंप झाला नव्हता. समुद्राचा तळच वर उचलला गेल्यामुळे पाण्याचा डोंगर उभा राहिला आणि तो किनाऱ्याकडे निघाला. यालाच जपानी भाषेत त्सुनामी म्हणतात. हा शब्द मूळ त्यांचाच, कारण अनुभव त्यांचाच जुना.

या लाटेने गावेच्या गावे धुऊन नेली. मृत आणि बेपत्ता मिळून अठरा हजारांहून अधिक माणसे गेली आणि त्यातली बहुतेक पाण्यात बुडून गेली. हे दुःख निसर्गाने दिलेले होते, याबद्दल वाद नाही. त्या लोकांना आमचे अभिवादन. पण याच किनाऱ्यावर, ओकुमा आणि फुताबा या दोन गावांच्या हद्दीत, टोकियो इलेक्ट्रिक पॉवर कंपनीचा, म्हणजे टेप्कोचा, फुकुशिमा दाइइची नावाचा अणुवीजप्रकल्प उभा होता. दाइइची म्हणजे पहिला क्रमांक. तिथे एकूण ६ अणुभट्ट्या होत्या. पहिली १९७१ सालच्या मार्च महिन्यात सुरू झाली, म्हणजे अपघाताच्या वेळी तिला ४० वर्षे पूर्ण होत होती. त्या दिवशी १, २ आणि ३ क्रमांकाच्या भट्ट्या चालू होत्या. बाकीच्या तीन तपासणीसाठी बंद होत्या.

जमीन हलताच तीनही भट्ट्या आपोआप बंद झाल्या. नियंत्रक सळ्या काही सेकंदांत आत गेल्या आणि अणू फुटण्याची साखळी थांबली. भूकंपाने बाहेरून येणारी वीज तुटली, तेव्हा डिझेल जनरेटर लगेच सुरू झाले. इथपर्यंत सगळे नियमाप्रमाणे झाले, हे मान्य केले पाहिजे.

साधारण ५० मिनिटांनी मोठी लाट आली. ती १४ ते १५ मीटर उंच होती. पहिल्या चार भट्ट्यांची जमीन समुद्रापासून १० मीटर उंच होती. मग काय होणार? पाणी इमारतींत शिरले. बहुतेक डिझेल जनरेटर आणि विजेचे फलक टर्बाइनच्या इमारतींच्या तळघरांत ठेवलेले. ते बुडाले. समुद्राचे पाणी ओढणारे पंप तर त्याहूनही खाली होते, तेही गेले. १, २ आणि ४ क्रमांकाच्या भट्ट्यांच्या बॅटऱ्यासुद्धा पाण्याखाली गेल्या. चौथ्या भट्टीच्या तळघरात तपासणीला गेलेले दोन तरुण कामगार तिथेच बुडून मेले. एकाचे वय २४, दुसऱ्याचे २१.

एवढ्या सगळ्यात सहाव्या भट्टीचा एक जनरेटर मात्र वाचला. तो उंचावर होता आणि त्याला थंड करायला समुद्राचे पाणी लागत नव्हते, हवा पुरत होती. त्या एका जनरेटरने पाचवी आणि सहावी अशा दोन भट्ट्या वाचवल्या. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी. पुढे तिचा उपयोग आहे.

बंद भट्टी थंड का होत नाही?

भट्टी बंद झाली होती, तर अपघात झाला कसा? हा प्रश्न कुणालाही पडेल.

गिरणीतल्या माणसाला हे समजावणे सोपे आहे. बॉयलरची आग काढली म्हणून बॉयलर लगेच गार होत नाही. विटा तापलेल्या असतात, लोखंड तापलेले असते. त्यामुळे बॉयलरवरचा जुना माणूस आग काढल्यावरही काचेतली पाण्याची पातळी बघत राहतो. पाणी कमी झाले तर बॉयलर जळणार हे त्याला पक्के माहीत असते. अणुभट्टीचे प्रकरण याहून अवघड आहे. तिथे उरलेल्या उष्णतेवर काम भागत नाही, नवीन उष्णता तयार होतच राहते. युरेनियमचे अणू फुटून जे तुकडे झालेले असतात ते स्वतःही अस्थिर असतात, आणि साखळी थांबली तरी ते उष्णता सोडत राहतात. बंद केल्याच्या क्षणी ही उष्णता पूर्ण ताकदीच्या ६ ते ७ टक्के असते. ऐकायला थोडी वाटते. पण पहिल्या भट्टीची उष्णतेची ताकद १३८० मेगावॅट होती, म्हणजे बंद भट्टीतून त्या क्षणी ९० मेगावॅटच्या आसपास उष्णता निघत होती. ती भराभर कमी होते, पण संपायला वर्षे लागतात. तोपर्यंत पाणी फिरते ठेवावेच लागते. पाणी फिरवायला पंप हवा आणि पंपाला वीज हवी. वीज तर गेलेली!

पाणी उकळून आटत गेले की इंधनाच्या सळ्या उघड्या पडतात. सळ्यांवर झिरकोनियम नावाच्या धातूचे कवच असते. ते लाल तापले की वाफेशी त्याची क्रिया होते आणि हायड्रोजन वायू तयार होतो. मग सळ्या वितळतात आणि वितळलेला रस भट्टीच्या तळाला गोळा होतो. फुकुशिमात तीनही चालू भट्ट्यांचे हेच झाले. पहिल्या भट्टीचे इंधन तर त्याच रात्री वितळू लागले होते. त्या वेळी पाण्याची पातळी दाखवणारे उपकरण मात्र पाणी पुरेसे आहे असे सांगत होते. बॉयलरची काच खोटे बोलू लागल्यावर माणसाने काय करावे?

अंधारातले कामगार

नियंत्रण कक्षात मिट्ट अंधार झाला. कामगारांनी हातात टॉर्च धरून काम केले. आवारातल्या मोटारींच्या बॅटऱ्या काढून आणल्या, त्या एकाला एक जोडल्या आणि उपकरणांवरचे आकडे वाचले. जगातल्या एका श्रीमंत देशातला हा अणुप्रकल्प त्या रात्री मोटारीच्या बॅटरीवर चालला होता. भट्टीत दाब वाढत होता आणि वायू बाहेर सोडायची झडप हाताने उघडावी लागणार होती. आत किरणोत्सर्ग एवढा वाढला होता की माणसांनी आळीपाळीने थोडा थोडा वेळच आत जायचे ठरवले.

१२ मार्चला दुपारी पहिल्या भट्टीच्या इमारतीत हायड्रोजनचा स्फोट झाला. १४ मार्चला तिसरीचा झाला. १५ मार्चला सकाळी चौथीच्या इमारतीत झाला. चौथ्या भट्टीत तर इंधनच नव्हते, पण तिसरीतला हायड्रोजन नळांवाटे तिच्यात आला होता. अग्निशमनाच्या गाड्यांनी भट्ट्यांमध्ये समुद्राचे खारे पाणी भरायला सुरुवात झाली. खारे पाणी घातले की भट्टी पुन्हा वापरता येत नाही. टोकियोतल्या वरिष्ठांकडून पाणी थांबवायची सूचना आली. प्रकल्पाचे प्रमुख मासाओ योशिदा यांनी वरवर होकार दिला आणि आपल्या माणसांना पाणी चालूच ठेवायला सांगितले. चौकशीत हे बाहेर आले. जागेवरच्या माणसाला काय कळते आणि दूर बसलेल्या माणसाला काय कळते, याचा हा नमुना आहे.

१५ मार्चला बहुतेक कर्मचाऱ्यांना बाहेर पाठवले गेले. सुमारे ७० जण मागे राहिले. जगभरच्या वर्तमानपत्रांनी त्यांना 'फुकुशिमाचे पन्नास' असे नाव दिले. पुढे शेकडो माणसे परत आली, त्यांची नावे कुणी छापली नाहीत.

तिथून १२ किलोमीटर दक्षिणेला याच कंपनीचा दुसरा प्रकल्प होता, फुकुशिमा दाइनी. तिथेही लाट शिरली, पण बाहेरच्या विजेची एक तार शाबूत राहिली. सुमारे २०० कामगारांनी ९ किलोमीटर लांबीची जाड केबल खांद्यावर वाहून, हाताने ओढून पंपांना जोडली. अशा कामाला एरवी यंत्रे लागतात आणि बरेच दिवस जातात. त्यांनी ते १३ मार्चच्या रात्रीपर्यंत केले. चारही भट्ट्या वाचल्या. आपल्यासारख्या हातावर काम करणाऱ्यांनी हे वाचून मान ताठ करावी.

एकच लाट, दोन प्रकल्प

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. दोष समुद्राचा की माणसाचा?

याच किनाऱ्यावर आणखी उत्तरेला ओनागावा नावाचा अणुप्रकल्प आहे. तो तोहोकू इलेक्ट्रिक या दुसऱ्या कंपनीचा. भूकंपाच्या केंद्राला सगळ्यांत जवळचा अणुप्रकल्प हाच. तिथे लाट सुमारे १३ मीटर उंचीची आली. पण तिथल्या भट्ट्यांना मोठा धोका झाला नाही, त्या सुरक्षित बंद झाल्या. नुकसान झालेच नाही असे नाही. एका इमारतीत आग लागली, एका तळघरात पाणी शिरले, बाहेरच्या विजेच्या पाच तारांपैकी एकच उरली. तरी प्रकल्प टिकला. उलट आजूबाजूच्या गावांतली घरे वाहून गेल्यावर ३०० हून अधिक गावकरी प्रकल्पाच्याच आवारात आश्रयाला आले आणि सुमारे तीन महिने राहिले. तोच भूकंप, तोच समुद्र. एका प्रकल्पापासून लोक पळाले आणि दुसऱ्या प्रकल्पात लोक आसऱ्याला गेले. असे का व्हावे?

उत्तर उंचीत आहे. ओनागावाची जमीन १४.८ मीटर उंचीवर ठेवलेली होती. त्यामागे यानोसुके हिराई नावाचे अभियंते होते. ते त्याच भागातले. जुन्या काळात आपल्या मुलखात समुद्र किती आत आला होता, हे त्यांना माहीत होते. एवढी उंची कशाला, असे इतरांचे म्हणणे पडले, कारण उंची वाढली की खर्च वाढतो. हिराई हटले नाहीत. ते १९८६ साली वारले. २०११ साली भूकंपाने तिथली जमीनच सुमारे १ मीटर खाली खचली, म्हणजे १४.८ चे १३.८ झाले आणि लाट आली १३ ची. एक मीटरसुद्धा उरला नव्हता. हिराईंनी दोन मीटर सोडून दिले असते तर काय झाले असते, याचा विचार वाचकांनीच करावा.

फुकुशिमात काय केले? तिथे मूळचा कडा समुद्रापासून सुमारे ३५ मीटर उंच होता. निसर्गाने संरक्षण आयते दिलेले. १९६० च्या दशकात बांधकाम करताना तो कडा कापून जमीन १० मीटरवर आणली. कारणे सांगितली गेली ती अशी : खालचा पक्का खडक भूकंपाला बरा, जहाजातून अवजड यंत्रे उतरवायला सोपे, आणि समुद्राचे पाणी वर ओढायला पंपांना वीज कमी लागते. पहिल्या कारणात तथ्य होते. पण लाटेचा हिशेब कसा धरला? १९६० साली दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशात भूकंप झाला होता. त्याची लाट महासागर ओलांडून जपानला आली आणि जवळच्या ओनाहामा बंदरात ती ३.१ मीटर मोजली गेली. तोच आकडा घेतला. मागच्या हजार वर्षांचे कुणी पाहिले नाही. जवळच्या दहा-वीस वर्षांत जे सापडले त्यावर भागवले. पुढे हा आकडा वाढवत वाढवत ६.१ मीटरपर्यंत नेला, पण जनरेटर तळघरातच राहिले.

लिहिलेले होते, वाचले नाही

पूर्वी असे घडल्याचे कुणालाच माहीत नव्हते, असे कुणी म्हणेल. तेही खरे नाही.

इसवी सन ८६९ मध्ये याच किनाऱ्यावर मोठा भूकंप होऊन समुद्र आत आल्याचे आणि सुमारे हजार माणसे बुडाल्याचे जपानच्या दरबारी इतिहासग्रंथात नोंदलेले आहे. त्याला जोगान भूकंप म्हणतात. ही कुणाची दंतकथा नव्हती. गेल्या शतकाच्या अखेरीस संशोधकांनी सेंदाईच्या सपाट शेतजमिनीत खणून पाहिले, तेव्हा किनाऱ्यापासून कित्येक किलोमीटर आत समुद्राच्या वाळूचा थर सापडला. कागद आणि जमीन दोघांनी एकच साक्ष दिली.

उत्तरेकडच्या अनेक गावांत तर दगडांवर इशारे कोरून ठेवले आहेत. अनेयोशी नावाची एक लहान वस्ती आहे. १८९६ आणि १९३३ अशा दोन लाटांत ती जवळजवळ संपूर्ण नष्ट झाली होती. नंतर उरलेल्यांनी चढावर एक दगड उभा केला आणि या दगडाच्या खाली घर बांधू नका असे त्यावर कोरले. पुढच्या पिढ्यांनी ते पाळले. २०११ ची लाट त्या दगडाच्या थोडी खाली येऊन थांबली. घरे शाबूत राहिली. दगड कोरला म्हणून काही गाव वाचले नाही. लोकांनी तो वाचला आणि पाळला, म्हणून गाव वाचले.

शिकलेल्यांचे काय झाले पाहा. २००२ साली सरकारच्याच भूकंप संशोधन मंडळाने सांगितले की या किनाऱ्यासमोर कुठेही मोठी त्सुनामी निर्माण करणारा भूकंप होऊ शकतो. २००८ साली कंपनीच्या अंतर्गत हिशेबात फुकुशिमा दाइइचीला १५.७ मीटरपर्यंत पाणी चढू शकते असा आकडा निघाला. आकडा वरिष्ठांपुढे गेला. त्यांनी अभियंत्यांच्या संस्थेकडे पुन्हा अभ्यासाला पाठवायचे ठरवले आणि तोवर काम काही केले नाही. २००९ साली एका सरकारी बैठकीत एका भूगर्भशास्त्रज्ञाने ८६९ च्या लाटेची आठवण करून दिली. तिचाही उपयोग झाला नाही. शेवटी हा आकडा कंपनीने सरकारच्या सुरक्षा खात्याला कळवला तो ७ मार्च २०११ रोजी. लाट आली ११ मार्चला. मधे चार दिवस!

समुद्रात उंच भिंत बांधायला वर्षे लागली असती हे कबूल. पण दोन-तीन जनरेटर टेकडीवर नेऊन ठेवायला किती वर्षे लागतात? तळघराला पाणी न शिरणारे दार बसवायला किती येन लागतात? सहाव्या भट्टीच्या एका जनरेटरने दोन भट्ट्या वाचवल्या, हे आपण वर पाहिलेच.

भोगले कोणी?

११ तारखेच्या रात्री ३ किलोमीटरच्या आतल्या लोकांना निघायला सांगितले. १२ ला पहाटे १० किलोमीटर. त्याच संध्याकाळी २० किलोमीटर. एका दिवसात तीन हुकूम. दीड लाखाहून अधिक माणसांना घर सोडावे लागले. दोन दिवसांत परत येऊ असे समजून लोक अंगावरच्या कपड्यानिशी निघाले. गोठ्यातली गुरे दाव्याला तशीच राहिली आणि उपाशी मेली. ओकुमा गावच्या एका रुग्णालयातले आणि जवळच्या वृद्धाश्रमातले अंथरुणाला खिळलेले म्हातारे बसमध्ये घालून तासन्‌तास फिरवले. औषध नाही, सलाईन नाही. त्यात ४० हून अधिक रुग्ण दगावले.

नामिए गावचे लोक वायव्येला त्सुशिमा भागात गेले. वाऱ्याने किरणोत्सर्गी धूळ नेमकी तिकडेच नेली. वारा कुठे जातोय याचा अंदाज बांधणारी संगणक यंत्रणा सरकारजवळ होती आणि तिचे नकाशे तयार होत होते. पण ते गावापर्यंत पोचले नाहीत. इताते हे गाव आणखी लांब होते, म्हणून त्याला सुरुवातीला कुणी हलवले नाही. धूळ तिथेही पडलेली होती. त्या गावाला निघायचा हुकूम मिळाला तो २२ एप्रिलला.

इथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. या अपघातात किरणोत्सर्गाने हजारो माणसे मेली असे काही लोक छातीठोकपणे सांगतात. ते बरोबर नाही. संयुक्त राष्ट्रांच्या शास्त्रीय समितीला रहिवाशांच्या प्रकृतीवर थेट किरणोत्सर्गामुळे झालेले दुष्परिणाम आढळले नाहीत. एका कामगाराच्या फुप्फुसाच्या कर्करोगाने झालेल्या मृत्यूचा संबंध सरकारने २०१८ साली मान्य केला. पण घर सुटल्यामुळे, उपचार तुटल्यामुळे, छावणीतल्या हालांमुळे, आत्महत्येमुळे गेलेल्यांचा आकडा फुकुशिमा प्रांतात २३०० च्या वर आहे. त्या प्रांतात लाटेने मारलेल्यांपेक्षाही तो जास्त आहे. आपली बाजू खरी असेल तर तिला खोट्या आकड्याची गरज पडत नाही.

आणि सफाई कोणी केली? बहुतेक कंत्राटी कामगारांनी. मोठी कंपनी लहान कंपनीला काम देते, ती त्याहून लहानीला, आणि शेवटच्या पायरीवर उभा असतो रोजावरचा माणूस. वरून निघालेला पैसा त्याच्यापर्यंत येईतो आटतो, किरणोत्सर्ग मात्र पुरा मिळतो. कामगाराने किती किरणोत्सर्ग झेलायचा याची मर्यादा १०० होती, ती १४ मार्चला कागदावर २५० केली. माणूस तोच राहिला, आकडा बदलला. २४ मार्चला केबल टाकणारे तीन कामगार तिसऱ्या भट्टीच्या तळघरातल्या किरणोत्सर्गी पाण्यात उभे राहिले. त्यांतल्या दोघांच्या पायांत उंच बूटसुद्धा नव्हते, पाणी आत गेले. गटारात उतरणाऱ्या आपल्या माणसाच्या पायांत काय असते, ते आठवावे.

चौकशी आणि न्याय

जपानच्या संसदेने स्वतंत्र चौकशी आयोग नेमला. डॉ. कियोशी कुरोकावा त्याचे अध्यक्ष होते. जुलै २०१२ मध्ये अहवाल आला. हजाराहून अधिक लोकांच्या मुलाखती घेऊन आयोगाने निष्कर्ष काढला की हा अपघात मानवनिर्मित होता. तपासणी करणारे सरकारी खाते आणि अणुवीज वाढवणारे मंत्रालय एकाच छपराखाली होते. तपासणारा आणि तपासला जाणारा यांचे साटेलोटे झाले होते. नंतर ते खाते मोडून २०१२ सालीच नवे मंडळ स्थापन झाले.

खटल्यांचा निकाल मात्र वेगळा लागला. कंपनीच्या तीन माजी वरिष्ठांवर फौजदारी खटला चालला. २०१९ मध्ये ते निर्दोष सुटले आणि मार्च २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तेच कायम केले. भागधारकांच्या दाव्यात २०२२ साली चार माजी अधिकाऱ्यांना १३ लाख कोटी येनहून अधिक भरपाईचा हुकूम झाला, तो २०२५ मध्ये वरच्या न्यायालयाने फिरवला. सरकारही जबाबदार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली म्हटले. सरकारने भिंत बांधायला लावली असती तरी आलेली लाट अंदाजापेक्षा मोठी होती, असे त्यांचे म्हणणे. म्हणजे अपघात मानवनिर्मित, पण त्यातला माणूस कोण ते ठरले नाही! न्यायालयाचा मान राखून आम्ही एवढेच म्हणू, की हजार वर्षांची साक्ष, स्वतःचा हिशेब आणि शेजारच्या ओनागावाचे उदाहरण समोर असताना हात बांधून बसणे हा आमच्या भाषेत दोषच आहे.

पसारा आवरलेला नाही. तीन भट्ट्यांत मिळून वितळलेला राडा सुमारे ८८० टन आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये त्यातला पहिला नमुना बाहेर काढला, तो एक ग्रॅमसुद्धा भरला नाही. साठवलेले पाणी प्रक्रिया करून समुद्रात सोडायला ऑगस्ट २०२३ मध्ये सुरुवात झाली, तेव्हा तिथल्या मच्छीमारांनी विरोध केला. फुताबा गावात लोकांना राहायची परवानगी मिळाली ती ऑगस्ट २०२२ मध्ये, साडेअकरा वर्षांनी, आणि तीही गावाच्या एका भागात.

आपला किनारा

हे लांबच्या देशाचे झाले, आपला काय संबंध, असे कुणी विचारील. संबंध आहे. आपल्या तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्या १९६९ सालच्या, उकळत्या पाण्याच्या त्याच जातीच्या. अमेरिकेच्या ज्या जनरल इलेक्ट्रिक कंपनीने फुकुशिमाची पहिली भट्टी दिली, तिनेच या दिल्या. २६ डिसेंबर २००४ च्या त्सुनामीत तामिळनाडूतल्या कल्पाक्कम प्रकल्पाच्या पंपघरात समुद्राचे पाणी शिरले होते. चालू असलेली भट्टी सुखरूप बंद झाली, पण इशारा मिळाला होता.

आपला अरबी समुद्र शांत आहे असे आपण समजतो. २८ नोव्हेंबर १९४५ रोजी आजच्या पाकिस्तानातल्या मकरान किनाऱ्यासमोर भूकंप झाला. त्याची लाट मुंबईपर्यंत आली आणि मुंबईतही माणसे वाहून गेली. आपल्यापैकी किती जणांनी हे ऐकले आहे? रत्नागिरी जिल्ह्यातल्या जैतापूर प्रकल्पाच्या वादात एप्रिल २०११ मध्ये, म्हणजे फुकुशिमानंतर दीड महिन्याच्या आतच, साखरीनाटे इथे पोलीस गोळीबारात एक माणूस मेला. प्रकल्पाची जागा उंच सड्यावर आहे, असे सांगितले जाते. सडा उंच आहे, खरे. पण फुकुशिमाचा कडाही ३५ मीटर उंच होता. बांधून झाल्यावर उंची किती राहणार, हे विचारले पाहिजे.

अणुवीज हवी की नको, यावर जाणत्यांत मतभेद आहेत. आम्ही तो वाद इथे सोडवणार नाही. पण धरण असो, रासायनिक कारखाना असो की अणुभट्टी, शेजारी राहणाऱ्या सामान्य माणसाने काही प्रश्न विचारायलाच हवेत. पूर्वी इथे पाणी कुठवर आले होते? तो आकडा कुठल्या वर्षापासूनचा धरला? तपासणारा माणूस कुणाचा पगार घेतो? वीज गेली तर दुसरी सोय कुठे ठेवली आहे, वर की तळघरात? पळायची वेळ आली तर अंथरुणावरच्या म्हाताऱ्याला कोण उचलणार? हे प्रश्न विचारायला पदवी लागत नाही.

आपल्या वस्तीतली मुले आता इंजिनिअर होत आहेत, सरकारी खात्यांत जात आहेत. त्यांना आमचे सांगणे आहे. उद्या तुम्ही एखाद्या बैठकीत बसाल, तुमच्यापुढे नको असलेला एखादा आकडा येईल आणि सगळे म्हणतील, पुढच्या वर्षी बघू. त्या वेळी ओनागावाचे हिराई आठवा आणि हटू नका. आणि घरातल्या थोरांनी आपल्या भागात पूर्वी पाणी कुठवर चढले, आग कुठे लागली, भिंत कुठे पडली, हे सनावळीसकट पोरांना सांगून ठेवावे, जमल्यास वहीत लिहून ठेवावे. असा एखादा कागद कधी कुणाच्या कामी येईल, ते सांगता येत नाही.